काळाच्या दुर्बिणीलाही नियम हवा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या मुलांच्या पुरवणीत अद्भुतकथा येतात आणि त्यांत काळ दाखवणारे यंत्र वरचेवर भेटते. कुणीतरी नळीला डोळा लावतो आणि हवा तो दिवस, हव्या त्या घरातला, लख्ख दिसतो. बंद खोलीतले दिसते, अंधारातले दिसते, बोलणेही ऐकू येते. पत्र लिहितो आहे ते या यंत्रासाठी.

मी आयुष्यभर दुर्बिणींचे आरसे घासले. एकावर एक ठेवलेल्या दोन काचा, मध्ये पाणी आणि कार्बोरंडम, म्हणजे घासायची कठीण पूड. वरची काच हळूहळू खोलगट होत जाते. आधी 80 नंबरची भरड पूड, मग बारीक, त्याहून बारीक, शेवटी पिचच्या, म्हणजे डांबरासारख्या पदार्थाच्या, थरावर सिरियम ऑक्साइड या अतिबारीक पुडीची पॉलिश. केसाच्या जाडीच्या हजाराव्या भागाएवढी चूक राहिली तरी ग्रहाची कड फिसकटते. ती चूक सुरीच्या धारेने प्रकाशाचा ठिपका कापून तपासतात. ही युक्ती फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञ फुकोची, एकोणिसाव्या शतकातली. तपासताना आरशावर मिनिटभर अंगठा टेकवला, तर उबेने काच तेवढ्यापुरती फुगते आणि अंगठा काढून घेतल्यावरही ती टेकडी काही वेळ दिसत राहते. माझ्या बारा वर्षांच्या नातीने हे पाहिले आणि म्हणाली, “आजोबा, म्हणजे हा आरसा मघाचं दाखवतो.”

त्या वाक्यातून तिची कथा सुरू झाली. कथेतल्या यंत्राला तिने नाव दिले ‘मागदर्शी’. पहिल्या मसुद्यात नळी जितकी लांब ओढावी तितके मागचे दिसे. मी तिला एकच प्रश्न विचारला: त्या दिवसाचा प्रकाश इतके दिवस होता कुठे? ती दोन दिवस माझ्याशी नीट बोलली नाही. तिसऱ्या दिवशी वही घेऊन आली.

मग मी तिला खरे आकाश सांगितले. 1676 मध्ये डॅनिश खगोलशास्त्रज्ञ ओले रोमरने गुरूच्या आयो या चंद्राची ग्रहणे कधी लवकर, कधी उशिरा का दिसतात हे ताडले: प्रकाशाला यायला वेळ लागतो. 1572 साली टायको ब्राहे या खगोलशास्त्रज्ञाने पाहिलेल्या ताऱ्याच्या स्फोटाचा काही प्रकाश अवकाशातल्या धुळीवर आपटून, लांबच्या वाटेने येत राहिला. 2008 मध्ये खगोलशास्त्रज्ञांनी त्याचा वर्णपट घेतला, म्हणजे तो प्रकाश रंगारंगांत फोडून पाहिला, आणि तो स्फोट कोणत्या जातीचा होता हे ठरवले. ब्राहेनंतर 436 वर्षांनी! तेव्हा मागदर्शी अगदीच अशक्य नाही, हे तिला पटले. मग आम्ही हिशेब केला. कालचा चेहरा आज पाहायचा तर प्रकाश परतवणारा आरसा बाराशे पंच्याण्णव कोटी किलोमीटरवर हवा, आणि इतक्या दुरून त्या चेहऱ्यावरची सेंटिमीटरभर खूण ओळखायला दुर्बिणीचा व्यास सतरा लाख किलोमीटर. सूर्याचा व्यास चौदा लाख आहे. आकडा लिहून झाल्यावर ती बराच वेळ वहीकडे पाहत बसली.

इथे मी तिला म्हटले, तुझे जग तुझे आहे, एक नियम बदल. एकच. बाकी सगळे त्या नियमाला बांधलेले राहील. तिने प्रकाशाला माणसाच्या चालीने चालायला लावले, तासाला पाच किलोमीटर. आता अडीच किलोमीटरवरच्या आरशात तासापूर्वीचे आपण दिसतो. कालचे पाहायला आरसा साठ किलोमीटरवरच्या डोंगरावर पुरतो, तोही चार मीटरचा, आणि इकडची दुर्बीण आठ मीटरची. चिलीत पारानाल इथल्या चार मोठ्या दुर्बिणींचे आरसे प्रत्येकी 8.2 मीटरचे आहेत, म्हणजे हे माणसाच्या हातून घडलेले माप आहे. आणि त्या एका नियमाने काय काय उगवले! तिच्या जगात चालत येणारा माणूस आणि त्याचे दिसणे एकाच वेळी दारात पोहोचतात. पळत आलेल्याची चाहूल डोळ्यांना लागतच नाही. तिकडची मुले म्हणून कान टवकारून खेळतात. यातले काहीही मी सुचवलेले नाही.

माझी आपल्याला विनंती आहे. अशी कथा छापायला घेताना लेखकाकडून, मग तो लहान असो वा मोठा, त्या यंत्राची एक आकृती मागवा. उजेड कुठून आला, कुठे वळला, कुठे अडला, एवढेच. आकृती कथेशेजारी छापा. जे सगळे दाखवते त्या यंत्रासमोर पात्राला करण्यासारखे काही उरत नाही. तो नळीला डोळा लावतो आणि कथा तिथे संपते. यंत्राला काय दिसत नाही हे ठरले की पात्र स्वतः चालू लागते. मुलांना हे कळते, आपण त्यांना कमी लेखतो.

नातीची कथा तिसऱ्या प्रकरणात अडली आहे. कथेतल्या मुलीची आई घर सोडून गेली आणि ती कोणत्या वाटेने गेली हे मुलीला मागदर्शीतून पाहायचे आहे. पण आई पहाटेच्या आधी निघाली होती. उजेडच नव्हता, मग आरशाकडे जाणार काय? दिसतो तो फक्त तिच्या हातातला कंदील, अंधारात हलणारा एक ठिपका. हे लिहिताना नात रडली. मी म्हटले, हवे तर चंद्र उगवू दे. तिने मान हलवली. त्या रात्री अमावास्या होती असे ती पहिल्याच प्रकरणात लिहून बसली आहे. कंदिलात तेल किती होते, तेवढेच ती आता ठरवते आहे.

आपला,
एक निवृत्त आरसा-कारागीर