इटलीतल्या बोलोन्याहून आई-बाबांना

ती. आई-बाबांना सा. न.

आई, इथल्या पालाझ्झो पोज्जी संग्रहालयात गेले होते. तू आरोग्यसेविका म्हणून जन्मभर जे केलंस, त्याचीच अडीचशे वर्षांपूर्वीची शाळा तिथे आहे!

जोव्हान्नी आंतोनिओ गाल्ली नावाच्या शल्यवैद्याने माती आणि मेणाची गर्भाशयं करवून घेतली. कुठे बाळ पायाळू, कुठे आडवं, कुठे जुळी. सुइणी आणि वैद्य दोघेही त्याच्या घरी शिकायला यायचे. 1757 मध्ये पोप बेनेडिक्ट चौदावे यांनी हा संग्रह विकत घेऊन इथल्या विज्ञानसंस्थेला दिला. (बाबा, हसू नका. खरंच पोपनी.)

त्यात एक काचेचं गर्भाशय आहे. आत बाहुलं ठेवायचं, शिकणाऱ्याचे डोळे बांधायचे आणि नुसत्या हाताने चाचपून बाळ सोडवायला लावायचं. काच मास्तरांच्या सोयीची, हात कुठे अडतोय ते त्यांना दिसावं म्हणून. मी तिथून हलेचना.

खटकलं एकच. एवढी गर्भाशयं, पण त्यांत बाई कुठेच नाही. ना चेहरा, ना कळा.

बाई भेटली ती 'व्हेनेरिना'. क्लेमेंते सुसिनीने 1782 च्या सुमारास केलेली मेणाची गर्भार मुलगी. गळ्यात मोत्यांची माळ, मान मागे टाकलेली. पोट उघडलं की एकेक अवयव निघतो, शेवटी इवलासा गर्भ. मेलेल्या पोरीला इतकं नटवायचं कशाला, असं वाटून कसंसंच झालं. पण हृदय अगदी अस्सल केलंय: दोन्ही जवनिकांच्या, म्हणजे खालच्या कप्प्यांच्या, भिंती सारख्याच जाड, आणि जन्मल्यावर मिटायला हवी ती रक्तवाहिनी उघडीच. त्यावरून अलीकडे इथल्या संशोधकांनी अंदाज बांधला की ज्या मुलीच्या देहावरून हे घडवलं, ती हृदयाच्या जन्मजात दोषाने गेली असावी.

बाबा, साच्यांचं काम तुमच्या पेणच्या कारखान्यातल्यासारखंच, फक्त आत पातळ केलेलं मेण. आन्ना मोरांदी नावाच्या बाईने तर स्वतःचाच मेणाचा पुतळा केलाय: उंची कपडे, अंगावर दागिने आणि पुढ्यात उघडलेला मेंदू! तोही तिथेच आहे.

आई, आता एक विचारायचंय. आत हाताला लागलं ते बाळाचं पाऊल की हात, हे न बघता तू कशावरून ओळखायचीस? नीट सविस्तर सांग. बाबा लिहून घेतील.

तुमची,
धाकटी