बडतर्फ जवानाची पेन्शन: निर्णय वेगळा हवा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

एखाद्या जवानाला कोर्ट मार्शल होऊन बडतर्फ केल्याची बातमी येते आणि 'नोकरीवरून काढून टाकले' एवढ्यावर संपते. त्या दिवशी त्याची पेन्शनही गेलेली असते. बातमीत ते नसते, आणि गंमत म्हणजे शिक्षेच्या हुकमातही बहुधा नसते. याची पेन्शन बंद करा, असे कोर्टात कोणी म्हणालेले नसते. हुकमात 'डिसमिस' एवढा एक शब्द पडतो, पुढचे काम पेन्शन नियमावली करते. मी सैन्यातून हवालदार क्लर्क म्हणून निवृत्त झालो. नोकरीचा बराच काळ शीट रोल (जवानाच्या सेवेची नोंद) आणि पेन्शनचे कागद तयार करण्यात गेला, म्हणून या नियमाबद्दल चार ओळी लिहितो.

आर्मी ॲक्ट 1950 च्या कलम 71 मध्ये कोर्ट मार्शलने द्यायच्या शिक्षांची यादी आहे. बडतर्फी ही त्यातली एक शिक्षा. पेन्शनसाठी धरली जाणारी सेवा जप्त करणे ही त्याच यादीतली दुसरी, वेगळी शिक्षा. कायदा करणाऱ्यांनी या दोन गोष्टी वेगळ्या मानल्या, हे यावरून उघड आहे. पण 1961 च्या पेन्शन नियमावलीतला 113 वा नियम सांगतो की, आर्मी ॲक्टखाली बडतर्फ झालेला जवान आधीच्या सगळ्या सेवेची पेन्शन आणि ग्रॅच्युइटी मिळायला अपात्र. अपवादात्मक प्रकरणात राष्ट्रपतींच्या अधिकारात ती देता येते. 2008 च्या नवीन नियमावलीतही बडतर्फ माणसासाठी मूळ सूत्र हेच राहिले: आधी अपात्र, मग अपील केले तर अपवाद.

आता त्याच 1961 च्या नियमावलीतला अधिकाऱ्यांचा 16 वा नियम वाचा. पेन्शनपुरती सेवा झालेला अधिकारी बडतर्फ झाला, तर त्याची पेन्शन जप्त करावी किंवा कमी-जास्त प्रमाणात द्यावी, हे राष्ट्रपतींनी ठरवायचे. म्हणजे अधिकाऱ्याच्या बाबतीत कोणीतरी बसून निर्णय घ्यायचा, आणि जवानाच्या बाबतीत निर्णय आधीच झालेला. त्याने हात जोडून अपवाद मागायचा. हा फरक का केला, याचे पटणारे कारण मला सगळ्या नोकरीत कोणी सांगितले नाही.

आणि जवानाला बडतर्फ करते कोण? बहुतेक वेळा समरी कोर्ट मार्शल. अधिकारी आणि जेसीओ (नायब सुभेदार, सुभेदार वगैरे) यांच्यावर ते चालवता येत नाही, ते फक्त त्यांच्या खालच्यांसाठी. तिथे कोर्ट म्हणजे एकटे सीओ साहेब, म्हणजे युनिटचे प्रमुख अधिकारी. आणखी दोघे जण कामकाजाला हजर असतात, पण त्यांना मत नसते. शिक्षेला वरिष्ठांची मंजुरी लागत नाही, ती सहसा लगेच अमलात येते. कागद नंतर ब्रिगेड किंवा डिव्हिजनकडे तपासायला जातात. पलटणीची शिस्त राखायला सीओच्या हातात असा अधिकार असावा, हे मला मान्य आहे. सीमेवर वकिलांच्या तारखा घेत बसता येत नाही. पण सीओ ठरवतात ते एवढेच की, हा माणूस यापुढे माझ्या युनिटमध्ये नको. त्याच्या मागच्या सोळा-सतरा वर्षांच्या सेवेची किंमत शून्य करावी का, हा प्रश्न त्या टेबलावर येतच नाही, तरी उत्तर मात्र तिथेच दिले जाते.

असा एकहाती अधिकार कुठवर जाऊ शकतो हे 1987 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या एका निकालात दिसते. एका सिग्नलमनने जेवायचा हुकूम मानला नाही, म्हणून समरी कोर्ट मार्शलने त्याला वर्षभराची सक्तमजुरी आणि बडतर्फी दिली. ज्या अधिकाऱ्याविरुद्ध त्याने तक्रार केली होती, तोच त्या कोर्टात बसला होता. न्यायालयाने शिक्षा रद्द केली आणि ती गुन्ह्याच्या मानाने धक्कादायक असल्याचे म्हटले. तो माणूस दिल्लीपर्यंत पोचला. सगळेच पोचत नाहीत.

बडतर्फी आणि डिस्चार्ज (सेवेतून नुसते मोकळे करणे) यांतला फरक बाहेरच्या लोकांना कळत नाही, तो सांगायला हवा. जवानाला पेन्शनसाठी किमान 15 वर्षांची सेवा लागते, अधिकाऱ्याला 20. ज्याच्या नावावर चार रेड इंक एंट्री (शिक्षेच्या लाल शाईतल्या नोंदी) झाल्या आणि ज्याला 'आता सेवेची गरज नाही' म्हणून डिस्चार्ज दिला, त्याची 15 वर्षे भरलेली असतील तर त्याला पेन्शन मिळते. तेवढ्याच सेवेचा दुसरा जवान रजेवरून उशिरा परतला आणि समरी कोर्ट मार्शलमध्ये डिसमिस झाला, तर त्याला काही नाही. फंडात साठवलेले स्वतःचे पैसे हातात पडतील तेवढेच. दोघांचे वर्तन सारखेच असू शकते, किंबहुना पहिल्याचे जास्त वाईट असू शकते. कोणता मार्ग निवडायचा हे युनिट ठरवते, आणि त्या निवडीत एका घराची पुढची तीस-चाळीस वर्षे अडकलेली असतात.

डिस्चार्जच्या बाबतीत तरी विचार झालेला आहे. सेना मुख्यालयाच्या 28 डिसेंबर 1988 च्या पत्रात म्हटले आहे की, रेड इंक एंट्री चार झाल्या म्हणून यांत्रिकपणे माणूस काढू नये. निःपक्ष चौकशी करावी, त्याची दीर्घ सेवा आणि खडतर ठिकाणची नेमणूक लक्षात घ्यावी. 2015 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे पत्र उचलून धरले. बडतर्फ झालेल्याच्या पेन्शनच्या निर्णयालाही अशीच पायरी लावायला काय हरकत आहे?

मध्यंतरी ओळखीतून आलेल्या एका बाईंचा अर्ज मी लिहून दिला. नवरा रजा संपल्यावर बरेच दिवस परतला नाही, बडतर्फ झाला, पुढे काही वर्षांनी वारला. फॅमिली पेन्शन नाही, कारण त्याला स्वतःलाच पेन्शन नव्हती. माजी सैनिकाचे ओळखपत्र नाही, कारण बडतर्फ माणूस माजी सैनिकाच्या व्याख्येतच बसत नाही. त्यामुळे ईसीएचएसचा (माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेचा) दवाखाना नाही, कँटीन नाही. बाई म्हणाल्या, "काका, रजा त्यांनी जास्त काढली. मी नव्हती काढली." मी अर्जात हे वाक्य घातले नाही, सरकारी अर्जात असे चालत नाही. पण सगळ्या नियमावलीवर याहून नेमका आक्षेप मी ऐकलेला नाही.

माझे जुने सहकारी म्हणतील, पेन्शन जाण्याची भीती आहे म्हणून तर शिस्त आहे. थोडेफार खरे आहे. शत्रूला माहिती विकणाऱ्याला, हत्यारे चोरणाऱ्याला सरकारी तिजोरीतून आयुष्यभर पोसा, असे मी म्हणत नाही. अशांची पेन्शन पूर्ण जप्त करा, तसे हुकमात स्वच्छ लिहा. माझा आक्षेप एवढाच की, हेरगिरी आणि रजेवरून उशिरा येणे या दोन्ही गुन्ह्यांची पेन्शनपुरती शिक्षा सारखीच होते.

नागरी नोकरीतही बडतर्फ झालेल्याची जुनी पेन्शन जाते, हे कबूल. पण तिथे अनुकंपा भत्ता म्हणून पेन्शनच्या दोन-तृतीयांशापर्यंत रक्कम देता येते. 2014 मध्ये दिल्ली पोलिसांतल्या एका बडतर्फ शिपायाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो भत्ता देताना काय पाहायचे याची कसोटीही दिली: कृत्य नैतिक अधःपतनाचे होते का, मालकाशी अप्रामाणिकपणा होता का, स्वतःच्या फायद्यासाठी केले का, दुसऱ्याला मुद्दाम इजा केली का. रजेवरून उशिरा परतलेला जवान यातल्या कुठल्या खान्यात बसतो? दुसरी गोष्ट, 1 जानेवारी 2004 पासून लागलेल्या केंद्राच्या नागरी कर्मचाऱ्यांना एनपीएस (स्वतःच्या खात्यात पैसे साठवायची पेन्शन योजना) लागू झाली. त्यातला कोणी बडतर्फ झाला तरी खात्यात साचलेला पैसा त्याचाच राहतो. सैन्यदलांना एनपीएसमधून वगळले ते जवानाचे भले व्हावे म्हणून. बडतर्फीच्या बाबतीत मात्र टेबलामागचा बाबू सुरक्षित राहिला आणि बर्फात उभा राहिलेला उघडा पडला. अग्निवीरांना तर पेन्शनच नाही, तो विषय वेगळा, त्यावर पुन्हा कधी.

डी. एस. नकारा या निवृत्त कर्मचाऱ्याच्या प्रकरणातल्या 1982 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते की, पेन्शन ही मालकाच्या मर्जीने मिळणारी बक्षिसी नाही, ती केलेल्या सेवेचा मोबदला आहे. त्याच निकालाची आठवण म्हणून 17 डिसेंबरला ठिकठिकाणी पेन्शनर दिन साजरा होतो, हार-तुरे होतात. मोबदला असेल तर तो जप्त करायला वेगळे कारण आणि वेगळा हुकूम लागला पाहिजे.

म्हणून संरक्षण मंत्रालयाने नियमात एक बदल करावा. 15 वर्षे सेवा झालेल्या जवानाला बडतर्फ केले, तर त्याच्या पेन्शनचा निर्णय सीओंच्या वरच्या अधिकाऱ्याने, त्याला नोटीस देऊन, ठरावीक मुदतीत आणि लेखी कारणांसह घ्यावा. संपूर्ण जप्तीच्या प्रकरणातही पत्नी आणि अल्पवयीन मुलांसाठी काही वाटा राखता येतो का, हे त्यात नोंदवणे सक्तीचे असावे. अपील त्याने करायचे, हा उलटा क्रम बंद व्हावा.

तोपर्यंत ज्यांच्या घरात असे प्रकरण आहे त्यांना एक सांगतो. बडतर्फीविरुद्ध दाद मागणे आणि पेन्शनसाठी अर्ज करणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. बडतर्फी योग्य ठरली तरी पेन्शनचा अर्ज करता येतो, आणि तो आपल्या रेकॉर्ड ऑफिसमार्फत (जवानांच्या सेवेच्या नोंदी ठेवणाऱ्या कार्यालयामार्फत) करायचा असतो. अर्जात एकूण सेवा, कठीण भागातल्या नेमणुका, मिळालेली पदके आणि घरची परिस्थिती लिहा, डिस्चार्ज बुकाच्या प्रती जोडा, पोच घ्या. नकार आला तर सशस्त्र सेना न्यायाधिकरणात जाता येते, त्याचे खंडपीठ मुंबईतही आहे, पण तिथे सहा महिन्यांची मुदत असते, म्हणून नकाराच्या पत्रावरची तारीख आधी पाहा.

आपला,
एक निवृत्त हवालदार (क्लर्क)