नानांना अनावृत आभारपत्र

तीर्थस्वरूप नाना यांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

माझ्या आवाजातले पहिले बोलके पुस्तक नुकतेच ध्वनिमुद्रित झाले. त्याच्या श्रेयनामावलीत आपले नाव घालण्याची माझी विनंती आपण ‘माझा काय संबंध?’ असे म्हणून परतवून लावलीत, म्हणून हे पत्र जाहीरपणे लिहीत आहे.

राज्य नाट्य स्पर्धेच्या जळगाव केंद्रावर आपली भूमिका बहुधा दुसऱ्या अंकात सुरू होई आणि त्याच अंकात संपे. कधी तलाठी, कधी कर्जबाजारी सासरा, कधी निवृत्त न्यायाधीश. नायकाचे काम आपल्या वाट्याला आले नाही आणि त्यासाठी आपण कोणाच्या मागे लागलात, असेही कोणी सांगत नाही. मात्र नाटक सुटल्यावर ‘तो तलाठी कोण होता हो?’ अशी विचारणा हमखास व्हायची. माझ्या मते हीच खरी पावती; परीक्षकांचे मत तसे नसावे.

आपली खरी कमाई मात्र आकाशवाणीच्या जळगाव केंद्रावरची. नाट्य विभागाच्या स्वरचाचणीत ‘बी हाय’ श्रेणी मिळवून आपण श्रुतिकांत आणि शेतकऱ्यांसाठीच्या संवादांत वर्षानुवर्षे बोललात. रावेरकडचा केळीवाला आणि साक्रीकडचा मेंढपाळ असे दोघेही एकाच श्रुतिकेत आपणच असायचात. पहिल्याच्या तोंडी ‘ळ’चा ‘य’ होऊन ‘केयी’ आणि ‘डोया’ येत, दुसरा अहिराणीत ‘आहे’ऐवजी ‘शे’ म्हणे. पण फरक तेवढ्यावर थांबत नसे, कारण केळीवाला दम घेऊन हिशेबाने बोले आणि मेंढपाळ दूरवर हाक घालायची सवय असल्यासारखा प्रत्येक वाक्याचा शेवट उंच नेई. खानदेशी बोली म्हटली की हशा पिकवायची, ही आपल्याकडची जुनी खोड आहे. आपण मात्र बोलणाऱ्याला कधीही हास्यास्पद होऊ दिले नाही.

मुंबईतल्या एका डबिंग स्टुडिओत ‘हा हेल मोलकरणीच्या कामापुरता ठीक आहे’ असे ऐकून मी परतले, तेव्हा आपण माझी समजूत घालत बसला नाहीत. थेट वाचायला बसवलेत. टेबलावर दुहेरी घडीचा टॉवेल अंथरलात, संहितेच्या टाचण्या काढून पाने सुटी केलीत आणि वाचून झालेले पान न उलटता टॉवेलवर अलगद सरकवायला लावलेत, म्हणजे कागदाचा आवाज माइकमध्ये जात नाही. ‘फ’ आणि ‘भ’ आला की हनुवटी किंचित बाजूला वळवून श्वासाचा झोत माइकवरून टाळायचा, हेही तिथेच शिकले. त्यानंतर बहिणाबाईंच्या कविता आल्या. १९५१ साली त्या गेल्या आणि १९५२ साली त्यांचा संग्रह निघाला. त्यातली एकेक ओळ आधी प्रमाण मराठीच्या उच्चारांत आणि मग त्यांच्या मूळ लेवा बोलीत वाचायची, अर्थ मात्र तसूभरही हलू द्यायचा नाही. हेल पुसायचा नसतो, तो कधी वापरायचा हे आपल्या हाती ठेवायचे असते, हे मला त्या बैठकांत उमगले. आज मी प्रमाण मराठीत निवेदन करते आणि पुस्तकातली आजी बोलू लागली की यावलची होते, ती याच तालमीमुळे.

या शिकवणीचे आपण पैसे घेतले नाहीत. काकूंनी प्रत्येक वेळी चहाबरोबर काहीतरी खाऊ घातले, त्याचा हिशेब तर मांडताच येणार नाही.

आता एक मागणे आहे. आपल्या श्रुतिकांपैकी फारच थोड्या कोणाकडे जपलेल्या असतील. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, मी माहेरी येणार आहे आणि सोबत ध्वनिमुद्रणाचे यंत्र आणणार आहे. केळीवाला आणि मेंढपाळ यांचे संवाद आपल्याला अजून तोंडपाठ आहेत, असे काकूंनी फोनवर सांगितले आहे, तेव्हा सबब चालणार नाही. टॉवेल तेवढा काढून ठेवावा.

आपली नम्र,
अमळनेरची आपली विद्यार्थिनी