वाटणीच्या दाव्याची फी वाटणी झाल्यावर घ्या

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

घणसोलीतली आमची वडिलोपार्जित भातशेती नवी मुंबई वसवणाऱ्या सिडकोच्या संपादनात गेली. बऱ्याच वर्षांनी साडेबारा टक्के योजनेतला, म्हणजे गेलेल्या जमिनीच्या तेवढ्या हिश्श्याचा, भूखंड मिळाला. साडेबारा नुसते म्हणायचे, सामाजिक सुविधांचे पावणेचार टक्के वजा जाऊन हाती पावणेनऊच पडतात. भूखंड वडिलांच्या नावे. ते गेल्यावर आम्ही दोघे भाऊ आणि बहीण असे तीन वारस लागलो. थोरले भाऊही आता नाहीत. पुतण्याने तिथे गाळे काढले, भाडे तोच घेतो. वाटणीचा विषय काढला की "काका, दिवाळीनंतर बसू" म्हणतो. अशा सात दिवाळ्या गेल्या.

शेवटी मागच्या महिन्यात ठाण्याला कोर्ट नाक्यावर एका वकिलांकडे गेलो. वाटपपत्र, वारस दाखला, घरपट्टीच्या पावत्या, सगळे आईच्या जुन्या लुगड्यात बांधून नेले होते. त्यांनी कागद चाळले, रेडी रेकनरचा, म्हणजे सरकारने ठरवलेला जमिनीचा दर पाहिला आणि एका पावतीच्या पाठीवर माझ्या तिसऱ्या हिश्श्याची किंमत मांडली. कोटीच्या पुढे. त्याखाली कोर्ट फीचा आकडा लिहिला, तो लाखाच्या वर. ठाणे-बेलापूर पट्टीतल्या कारखान्यात आयुष्य गेले, आज पेन्शन तीन हजारांच्या आत आहे. त्या कोटीतला एक रुपया मी अजून पाहिलेला नाही.

आपल्या राज्याच्या कोर्ट फी कायद्यात, कलम 6 च्या सातव्या खंडात, वाटणीच्या दाव्याला हिश्श्याच्या किमतीवर फी आहे; मग वादीचा मिळकतीवर ताबा असो वा नसो. फीची कमाल मर्यादा आधी 3 लाख होती, 2018 पासून ती 10 लाख झाली. शेजारच्या कर्नाटकात संयुक्त ताब्यातल्या हिस्सेदाराने वाटणी मागितली तर ठरावीक फी लागते, ती 200 रुपयांच्या वर जात नाही. मी कोणाकडून नवे काही मागत नाही. जे माझेच आहे ते वेगळे करून द्या, एवढेच म्हणतो आहे.

वकील म्हणाले, बहिणीला वादी करा. राज्य शासनाच्या 1 ऑक्टोबर 1994 च्या अधिसूचनेने मालमत्तेच्या वादात महिलांना कोर्ट फी माफ आहे. ही सवलत योग्यच आहे आणि प्रत्येक कोर्टाच्या दारात तिचा फलक हवा. पण बहीण सत्तरीची, उरणला दिलेली. फोनवर ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "दादाच्या पोरावर मी केस घालू? मग माहेरी यायचे कुठल्या तोंडाने?" इतकी वर्षे तिचा हिस्सा तिला सांगायला आम्ही कोणी गेलो नाही आणि फी वाचवायची म्हणून आज तिची आठवण झाली, याची मला लाज वाटते. शिवाय वादी ती झाली तरी माझा हिस्सा वेगळा काढून घ्यायचा तर माझ्या हिश्श्याची फी मला भरावी लागणारच.

लोकअदालतीत तडजोड झाली तर भरलेली फी परत मिळते, हे खरे. पण दावा दाखल होईपर्यंत पुतण्या तडजोडीला बसणार कशाला? भाडे तर दरमहा येतेच आहे.

माझी मागणी साधी आहे. वाटणीचा दावा दाखल करताना नाममात्र ठरावीक फी घ्यावी. बाकीची फी अंतिम हुकूमनाम्याच्या, म्हणजे कोर्ट प्रत्यक्ष वाटणी करून देते त्या वेळी, ज्याला जो हिस्सा प्रत्यक्ष मिळेल त्याच्याकडून घ्यावी. हुकूमनामा मुद्रांक कागदावर उतरवण्यासाठी तेव्हा पैसे भरावेच लागतात, त्याबरोबर हीही वसूल होईल. सरकारचे काही बुडणार नाही. ठाणे आणि नवी मुंबईच्या आमदारांनी ही दुरुस्ती येत्या अधिवेशनात मांडावी. आमच्या गावठाणांत तीन-चार वारसांच्या नावावरचे असे भूखंड घरोघरी आहेत आणि पहिल्या पिढीतले वारस आता एकेक करून जात आहेत.

आपला,
एक प्रकल्पग्रस्त वाचक
घणसोली, नवी मुंबई