तेरच्या वाचनालयात जहाज उभे करण्यासाठी मदतीचे आवाहन

तेर येथील, तसेच नोकरीधंद्यानिमित्त तेर सोडून बाहेरगावी स्थायिक झालेल्या सर्व बंधुभगिनींना सप्रेम नमस्कार.

आपल्या गावच्या सार्वजनिक वाचनालयाने दोन हजार वर्षांपूर्वीच्या एका व्यापारी शिडाच्या जहाजाची लाकडी प्रतिकृती उभारण्याचे ठरविले आहे. तेरणेच्या काठी, समुद्रापासून इतक्या लांब, जहाज कशासाठी, असे अनेकांनी विचारले. प्रश्न रास्त आहे, म्हणून मदत मागण्याआधी त्याचे उत्तर देणे आमचे कर्तव्य आहे.

इसवी सनाच्या पहिल्या शतकात ग्रीक भाषेत लिहिलेल्या ‘पेरिप्लस’ या सागरी मार्गदर्शिकेत भडोचपासून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण आणि तेथून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर तगर, म्हणजे आपले तेर, अशी नोंद आहे. तगरचे जाडेभरडे कापड आणि तलम मलमल गाड्यांत भरून, धड रस्ता नसलेल्या मुलखातून भडोच बंदरात जाई. त्याच बंदरात उतरणाऱ्या मालात मद्य होते आणि त्यातही इटलीच्या मद्याला अधिक मागणी होती, हेही त्याच ग्रंथात लिहिले आहे. असे मद्य ज्या उंच, दोन कानांच्या रांजणांतून येई, त्यांना अँफोरा म्हणतात आणि त्यांची खापरे तेरच्या पांढरीतही, म्हणजे जुन्या वस्तीच्या टेकाडातही, सापडली आहेत.

तेरचे कापड वाहून नेणाऱ्या जहाजांचे सांगाडे काही आपल्या हाती लागलेले नाहीत. मात्र इटलीचे मद्य घेऊन निघालेले एक मोठे जहाज इसवी सनपूर्व 75 ते 60 च्या दरम्यान फ्रान्सच्या दक्षिण किनाऱ्यावर, जिएन द्वीपकल्पाजवळ बुडाले, आणि ते बुडाले म्हणूनच आज आपल्याला ठाऊक आहे. हे जहाज भारताकडे येणारे नव्हते, हे स्पष्ट सांगितले पाहिजे. पण त्या काळी मोठी व्यापारी जहाजे कशी बांधत आणि कशी भरत, हे त्याच्याइतके स्पष्ट सांगणारे अवशेष फार थोडे आहेत. 1967 साली फ्रेंच नौदलाच्या बुडी मारणाऱ्या जवानांना ते सुमारे 20 मीटर खोलीवर आढळले आणि 1972 ते 1982 या काळात फ्रेंच पुरातत्त्वज्ञांनी त्याचे उत्खनन केले. लांबी सुमारे 40 मीटर, रुंदी 9 मीटर, आणि पोटात सहा ते सात हजार रांजण. एकेक रांजण भरल्यावर सुमारे 50 किलो वजनाचा. ते तीन थरांत, खालच्या थराच्या खांद्यांमध्ये वरच्या थराची निमुळती टोके रोवून रचलेले होते आणि हादऱ्याने फुटू नयेत म्हणून मध्ये झुडपांच्या फांद्या व लव्हाळ्यासारखे गवत कोंबलेले होते.

या जहाजाची एक गोष्ट आम्हाला विशेष भावली. मधल्या भागातले बरेचसे रांजण उत्खननाच्या वेळी जागेवर नव्हते, आणि त्या ठिकाणी आसपासच्या तळाशी न आढळणारे मोठाले दगड पडलेले होते. जहाज बुडाल्यानंतर त्याच काळातल्या पाणबुड्यांनी हातात दगड धरून झपकन तळ गाठला, दगड तेथेच टाकले आणि माल वर काढला, असा त्याचा अर्थ लावला जातो. कसल्याही नळीशिवाय, एका श्वासात वीस मीटर खोल! आपल्याकडे विहिरीत बुडी मारून पडलेली घागर काढणाऱ्या माणसाला हे काम किती दमाचे असेल ते सांगावे लागणार नाही.

प्रतिकृती दहास एक या प्रमाणात, म्हणजे चार मीटर लांबीची असेल. मूळ जहाजाच्या फळ्यांच्या कडांना खाचा पाडून त्यांत लाकडी जिभा बसविल्या होत्या आणि त्या हलू नयेत म्हणून वरून लाकडी खुंट्या ठोकल्या होत्या. तोच सांधा आम्हाला हवा आहे, म्हणून गावातील व परिसरातील सुतारबांधवांनी पुढे यावे, ही विनंती. जुन्या वाड्याचे सागवान कोणाकडे पडून असल्यास ते द्यावे. संत गोरोबाकाकांच्या या गावात रांजणांसाठी बाहेरून कारागीर आणावा, हे आमच्या मनाला पटत नाही. जहाजातले छोटे रांजण आणि शेजारी ठेवायचा एक पूर्ण उंचीचा, म्हणजे माणसाच्या छातीपर्यंत येणारा रांजण, आपल्या कुंभारबांधवांनीच घडवावा. मातीचा व भट्टीचा खर्च वाचनालय देईल.

रोख देणगी कितीही लहान असली तरी तिचे मोल आहे. देणगी वाचनालयात सायंकाळच्या वेळी जमा करून पावती अवश्य घ्यावी. जमाखर्च दर महिन्याला फलकावर लावला जाईल.

आणखी एक विनंती पैशाची नाही, पण तितकीच निकडीची आहे. शेतात किंवा घराचा पाया खणताना जाड कानाचे, ओळखीचे न वाटणारे खापर मिळाले, तर ते घासून धुऊ नये, जागा नीट लक्षात ठेवावी आणि ते गावातील रामलिंगप्पा लामतुरे वस्तुसंग्रहालयात दाखवावे. त्याच्या शोधात पांढरी मात्र कोणीही उकरू नये.

आपले नम्र,
कार्यकारी मंडळ, सार्वजनिक वाचनालय, तेर, जि. धाराशिव