पंप बदलण्याआधी नहाणी ट्रॅप पाहा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

पावसाळ्यात कपडे वाळत नसल्यामुळे वॉशिंग मशीनच्या स्पिनवरच घराची सगळी भिस्त असते आणि नेमक्या त्याच दिवसांत मशीनमध्ये पाणी साचून राहिले, तर ओल्या कपड्यांचा ढीग घेऊन बसण्याची वेळ येते. बहुतेक घरांत अशा वेळी थेट मेकॅनिकला फोन जातो आणि तोही पुष्कळदा ‘पंप गेला’ असे सांगून मोकळा होतो. एलजीच्या मशीनवर ‘ओई’, सॅमसंगवर ‘५सी’ किंवा बॉशवर ‘ई१८’ अशी खूण उमटली, की ग्राहकालाही ते पटते. वास्तविक या खुणेचा अर्थ पाणी ठरलेल्या वेळेत बाहेर गेले नाही, एवढाच असतो. ते का गेले नाही, हे शोधावे लागते आणि त्यातला बराचसा शोध घरच्या घरी घेता येतो.

सर्वांत उपयोगी तपासणी बादलीची आहे. ड्रेन पाईपचे टोक भिंतीतल्या किंवा जमिनीतल्या निकासातून काढून बाथरूममधल्या मोठ्या बादलीत धरावे आणि फक्त पाणी काढण्याचा प्रोग्राम लावावा. पाणी जोरात आले, तर मशीन बहुधा ठीक असून अडथळा नहाणी ट्रॅपमध्ये (म्हणजे जमिनीतल्या जाळीखालच्या, पाणी साठून राहणाऱ्या भांड्यात) किंवा त्यापुढच्या चेंबरकडे जाणाऱ्या पाईपमध्ये आहे, आणि ते काम मेकॅनिकचे नसून प्लंबरचे आहे. पंप घुमतो पण पाणी येत नाही, असे असेल तर फिल्टर तुंबलेला असतो किंवा मशीन भिंतीला टेकवताना मागचा पाईप चेपलेला असतो. पंपाचा आवाजच येत नसेल, तर मात्र वायरिंग, सर्किट किंवा खुद्द पंप यांची शंका रास्त ठरते.

समोरून उघडणाऱ्या मशीनच्या बहुतेक मॉडेलांत हा फिल्टर खालच्या कोपऱ्यात, छोट्या झाकणामागे असतो. मशीन बसवायला येणारा माणूस तो क्वचितच दाखवतो, त्यामुळे असे काही आहे हेच अनेकांना ठाऊक नसते. प्लग काढावा, गरम पाण्याचे धुणे असेल तर पाणी निवू द्यावे, खाली परात व जुने पंचे ठेवावेत आणि फिल्टर हळूहळू सैल करत पाणी थोडे थोडे निघू द्यावे. एकदम उघडला तर सगळे पाणी घरभर होते. आत तंतूंचा लगदा, नाणी, सेफ्टी पिना, लहान मुलांचे मोजे असे काहीही सापडते. आतले पाते काडीने फिरवून पाहावे. ते अडखळत, टप्प्याटप्प्याने फिरते. त्यातील चुंबकामुळे तसे होणारच, तो बिघाड समजू नये.

वरून उघडणाऱ्या मशीनचा प्रकार थोडा वेगळा आहे. त्यांतील अनेकांत, तसेच सेमी-ऑटोमॅटिक मशीनमध्ये, पंप नसतोच. झडप उघडते आणि पाणी उताराने वाहून जाते. अशा मशीनचा पाईप उंबऱ्यावरून किंवा खिडकीतून वर चढवला, तर पाणी निघणार कसे? उलट पंपाच्या मशीनचा पाईप जमिनीवर टाकला, तर भरता भरताच पाणी निघून जाऊ शकते. म्हणून त्याचे टोक साधारण ६० ते १०० सेंटिमीटर उंचीवर ठेवण्यास सांगितलेले असते. नेमका आकडा माहितीपुस्तिकेत पाहावा. पाईप निकासात फार खोल कोंबू नये आणि भोवतीची फट चिकटपट्टीने हवाबंदही करू नये.

साबणाबद्दलही बोलले पाहिजे. बोअरचे जड पाणी वापरणाऱ्या सोसायट्यांत साबणाचा चिकट साका धरतो आणि त्यात तंतू अडकतात. हाताने धुण्याची पावडर मशीनमध्ये ओतली, तर इतका फेस होतो की पंप पाण्याऐवजी फेसच घुसळत राहतो.

शेवटचा मुद्दा बांधकामाचा. नाशिकमधल्या पुष्कळ फ्लॅटमध्ये मशीन ड्राय बाल्कनीत, म्हणजे स्वयंपाकघरालगतच्या धुण्या-भांड्यांच्या छोट्या बाल्कनीत, ठेवले जाते, पण तिथे सांडपाण्याचा स्वतंत्र निकास नसतो. मग पाईप सरळ पावसाच्या पाण्याच्या नळीत सोडला जातो. जोराच्या सरींत ती नळी भरली, की मशीनच्या पाण्याला वाट उरत नाही. आणि एरवी हेच साबणाचे पाणी पावसाळी गटारांतून नासर्डी, वाघाडीसारख्या प्रवाहांत व तेथून गोदावरीत पोहोचू शकते. सिंहस्थाच्या तोंडावर नदीच्या स्वच्छतेची एवढी चर्चा होत असताना महापालिकेने नव्या इमारतींचे नकाशे मंजूर करताना ड्राय बाल्कनीतील निकास सांडपाण्याच्या वाहिनीला जोडलेला आहे का, हे तपासावे, आणि जुन्या सोसायट्यांनी येत्या वार्षिक सभेत हा विषय घेऊन प्लंबरकडून जोडण्या बदलून घ्याव्यात, अशी विनंती आहे.

– एक वाचक, इंदिरानगर, नाशिक