बाबांना सात आणि हात

ती. आई-बाबा,
सा. न.

फोनवर धड बोलणं होत नाही म्हणून टाईप करतेय. आई, तू वाचून दाखवू नकोस, मोबाईल बाबांच्या हातात दे.

बाबा, पिक्चर बघून आल्यावर तुम्ही म्हणालात, नाव दोनदा आलं तुझं, पण तू केलंस काय ते काय कळलं नाही. खरंय. प्रभात १९२९ ला आपल्या कोल्हापुरात सुरू झाली म्हणून तुम्ही येईल त्याला सांगता आणि मी इंजिनिअरिंग सोडून पुण्यात प्रभातच्याच जागेवरच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये गेले तेव्हा दोन महिने अबोला धरलात, मग सांगणार कधी?

तो म्हातारीचा स्वयंपाकघरातला सीन आठवा. शूटिंगचं घर रस्त्याला लागून, त्यामुळे तिथला आवाज सगळा हॉर्न आणि कुत्री, काहीच कामाचं नाही. मग मी त्यात आपलं स्वयंपाकघर टाकलं. दिवाळीत रात्री दोनला आई ओरडली होती ना, कोण गं ते फ्रिजपाशी, तेव्हा मी रेकॉर्डर लावून बसले होते. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते, आम्ही तिला रूम टोन म्हणतो, ती नसली तर बघणाऱ्याला वाटतं आवाजच गेला. आपला फ्रिज विजेच्या ५० हर्ट्झवर घुमतो, म्हणजे आईच्या पेटीतल्या पांढरी पाचपेक्षा (पाचव्या पांढऱ्या पट्टीच्या सुरापेक्षा) किंचित चढा, मग मी तंबोराही तेवढाच चढा लावला. फ्रिज कुठे संपतो आणि तंबोरा कुठे सुरू होतो हे डिरेक्टरलाही कळलं नाही. खरं तर त्या जागी मी व्हायोलिनं लिहिली होती, छान होती, पण एडिटिंगला बसल्यावर मीच काढून टाकली. आवाज आणि संगीत, दोन्ही कामं एकाच माणसाकडे असली की भांडायलाही कोणी नसतं. (पैसे मात्र दोन्ही कामांचे उशिराच येतात.)

तर बाबा, तुम्हाला त्यातल्या बांगड्या ऐकूच आल्या नाहीत, आणि परवा मी सात म्हटलं तर तुम्ही हात ऐकलंत. आईला वाटतं तुमचं लक्ष नसतं. तसं नाहीये गं. वय झालं की आधी वरच्या पट्टीतले बारीक आवाज जातात, आणि स, श, फ सगळे तिथलेच. आ, ओ, ऊ खालचे, ते राहतात. म्हणून कोणीतरी बोलतंय हे कळतं पण काय बोलतंय ते कळत नाही, आणि टीव्ही ४० वर नेला तरी नुसता गोंगाट वाढतो. आमच्याकडे डायलॉग पुसट आला तर आम्ही सगळा आवाज वाढवत नाही, २ ते ४ हजार हर्ट्झचा पट्टाच जरासा उचलतो. कानाचं मशीनही साधारण तेच करतं, कान तपासून जिथे कमी आहे तिथेच भर घालतं. चष्मा चाळिशीत लावलात, तेव्हा कुठे लाज वाटली?

शनिवारी सकाळी महालक्ष्मीने येतेय. आपण दोघं कान तपासायला जाऊ, आई नको, ती डॉक्टरलाच सगळं सांगत बसेल.

आणि आई, फ्रिज एक्सचेंजमध्ये देणार म्हणत होतीस ना, मी येईपर्यंत थांब, मला अजून अर्धा तास रेकॉर्ड करायचंय.

तुमची,
ताई